तबकडी आहे, पण यंत्र कुठे आहे?



कागदावर लिहिलेले वाचायला डोळे पुरतात. तबकडीवर लिहिलेले वाचायला मात्र यंत्र लागते. वाक्य साधे आहे, पण त्यात आपल्या काळातली एक मोठी अडचण दडलेली आहे. यंत्र मोडले आणि तसे यंत्र बनवणेही कारखान्याने बंद केले, तर तबकडी शाबूत असूनही आपल्या दृष्टीने ती मुकी होते.

या अडचणीचे उदाहरण म्हणून मी एक खेळाचे यंत्र घेणार आहे. ‘विज्ञानाच्या मासिकात खेळ कशाला?’ असे काही शिक्षक म्हणतील. त्यांना विनंती एवढीच, की लेख शेवटपर्यंत वाचावा आणि मग निकाल द्यावा.

जपानमधील सोनी कंपनीने ३ डिसेंबर १९९४ रोजी ‘प्लेस्टेशन’ हे यंत्र बाजारात आणले. टीव्हीला जोडायचे, सीडीसारखी तबकडी घालायची आणि खेळायचे, असे त्याचे स्वरूप. जगभरात अशी १० कोटींहून अधिक यंत्रे विकली गेली. २००६ मध्ये त्यांचे उत्पादन थांबले. आता जी यंत्रे उरली आहेत त्यांचे लेसर मंद होत आहेत, दातेरी चाके झिजत आहेत. म्हणजे तबकड्या आहेत, पण त्या वाचणारे यंत्र दिवसेंदिवस दुर्मिळ होत आहे.

यावरचा उपाय म्हणजे एम्युलेटर. एम्युलेटर ही एक आज्ञावली असते. ती आजच्या संगणकावर चालते आणि जुन्या यंत्राचे सोंग हुबेहूब वठवते. तबकडीतील खेळाला आपण जुन्याच यंत्रात आहोत असे वाटावे, इतके ते सोंग चोख असावे लागते.

हे कसे घडते? पुण्याच्या पेशवे दफ्तरात मोडी लिपीतील कागदांचे ढीग आहेत. कागद शाबूत आहेत, पण मोडी वाचणारी माणसे थोडी. समजा, असा एक कागद तुमच्या हाती आला. मोडीचा जाणकार शेजारी बसून एकेक ओळ वाचून दाखवील. तीच ओळ दहा वेळा लागली, तर दहा वेळा वाचील. ही झाली पहिली पद्धत. किंवा तो एकदाच सारा मजकूर बाळबोधीत उतरवून ठेवील आणि पुढच्या वेळी तुम्ही तो झरझर वाचाल. ही झाली दुसरी पद्धत. एम्युलेटरमध्येही नेमक्या याच दोन पद्धती असतात. पहिलीला ‘इंटरप्रीटर’ आणि दुसरीला ‘रीकंपायलर’ म्हणतात. पहिली सावकाश चालते, दुसरी वेगाने.

आता प्रत्यक्ष मांडणीकडे वळू. यात तीन कामे आहेत आणि प्रत्येक कामात शिकण्यासारखे काही आहे.

पहिले काम, तबकडीची प्रत संगणकात घेणे. त्यासाठी संगणकाला जोडता येणारा साधा डीव्हीडी ड्राइव्ह पुरतो, कारण तो सीडीही वाचतो. तबकडीचा व्यास १२० मिलिमीटर, जाडी १.२ मिलिमीटर. तिच्यावर आतून बाहेर जाणारी एकच नागमोडी नव्हे, तर सर्पिल वाट असते. शेजारच्या दोन वेढ्यांतील अंतर १.६ मायक्रोमीटर. वाट ड्राइव्हच्या डोळ्याखालून सेकंदाला सुमारे १.२५ मीटर वेगाने सरकते असे धरा. ७४ मिनिटांची तबकडी असेल तर वेगाला वेळेने गुणा. वाटेची लांबी साडेपाच किलोमीटर येईल! तळहाताएवढ्या तबकडीवर गुंडाळलेला हा साडेपाच किलोमीटरचा रस्ता आहे.

या वाटेवर सूक्ष्म खळगे असतात. ते ७८० नॅनोमीटर तरंगलांबीच्या लेसर प्रकाशाने वाचले जातात. तबकडीच्या पॉलिकार्बोनेटचा अपवर्तनांक सुमारे १.५५ असल्यामुळे आत शिरल्यावर ही लांबी ५०० नॅनोमीटरच्या आसपास होते. खळग्याची खोली तिच्या जवळजवळ पावपट ठेवलेली असते. तळापर्यंत जाऊन परत येणाऱ्या प्रकाशाला त्यामुळे सुमारे अर्ध्या तरंगाइतके अधिक अंतर पडते, आणि तो कडेवरून परतणाऱ्या प्रकाशाला मारक ठरतो. व्यतिकरण हा धडा तुम्ही पुढे बारावीत शिकाल. तो धडा या तबकडीत रोज चालू असतो. एक गोष्ट मात्र नीट ध्यानात ठेवा. खळगा म्हणजे १ आणि सपाटी म्हणजे ०, असे सर्रास सांगितले जाते, ते बरोबर नाही. खळग्याची कड आली की १. कड नसेल तेथे ०.

माहिती लहान लहान कप्प्यांत साठवलेली असते. एका सेकंदाच्या वाटेत असे ७५ कप्पे, म्हणून ७४ मिनिटांत ३,३३,००० कप्पे. प्रत्येक कप्प्यात २,३५२ बाइट. त्यांतील २,०४८ सर्वसाधारण माहितीसाठी असतात आणि बाकीच्यांत पत्ता व चुका दुरुस्त करण्याची सोय असते. काही खेळांतील संगीत आणि संवाद मात्र या बाकीच्या जागेतही पसरलेले असतात. म्हणून प्रत घेताना पूर्ण २,३५२ बाइट घ्यावेत. अशा प्रतीत ‘बिन’ आणि ‘क्यू’ अशा दोन फायली तयार होतात. क्यू फाइल साध्या संपादकात उघडून वाचून पाहा. कोणता भाग कोठे सुरू होतो याची ती केवळ अनुक्रमणिका आहे.

दुसरे काम, यंत्राची स्वतःची सुरुवातीची आज्ञावली मिळवणे. तिला बायोस म्हणतात. प्लेस्टेशनमध्ये ती ५१२ किलोबाइटच्या चिपमध्ये कायमची कोरलेली असते. ती सोनीच्या मालकीची आहे. ज्याच्याजवळ स्वतःचे यंत्र आहे तो तीतून ती काढून घेऊ शकतो. ज्याला सोनीची आज्ञावली वापरायची नाही, त्याच्यासाठी पीसीएसएक्स-रिडक्स या प्रकल्पातील मंडळींनी ‘ओपनबायोस’ नावाची स्वतंत्र आज्ञावली लिहून सर्वांना खुली केली आहे. ती सगळ्या खेळांना चालेलच असे नाही, पण स्वतः लिहून पाहण्याची वृत्ती मला अधिक मोलाची वाटते.

तिसरे काम, एम्युलेटर बसवून त्याची कळ जुळवणे. डकस्टेशन हा असा एक मोफत मिळणारा एम्युलेटर आहे. त्याला बायोस आणि क्यू फाइल कोठे ठेवली आहे ते सांगायचे, खेळाच्या बटणांसाठी कळफलकावरील कळा नेमून द्यायच्या, की खेळ सुरू होतो. बहुतेक जण येथेच थांबतात. तुम्ही येथून पुढे जावे, यासाठी तर हा लेख आहे! सोबत एक वही घ्या, एका वेळी एकच गोष्ट बदला आणि काय फरक पडतो ते लिहून ठेवा. तीन प्रयोग सुचवतो.

एक. इंटरप्रीटर आणि रीकंपायलर या दोन्ही पद्धतींनी तोच खेळ चालवा आणि संगणकावर किती भार पडतो ते पाहा. मोडीचे उदाहरण आता आकड्यांत दिसेल.

दोन. खेळ वाचून होईपर्यंत लागणारा वेळ मोजा. मूळ यंत्र तबकडी दुप्पट वेगाने, म्हणजे सेकंदाला १५० कप्पे वाचते. त्याची मुख्य स्मृती २ मेगाबाइटची. ती पूर्ण भरायला किती वेळ लागेल? गणित करा, सात सेकंदांच्या आतबाहेर उत्तर येईल. आता एम्युलेटरमधील वाचनाचा वेग वाढवून पाहा. पूर्वीची मुले पडद्याकडे टक लावून का बसत, ते कळेल.

तीन. या खेळांतील घरे, रस्ते, गाड्या चालताना किंचित थरथरतात. असे का? प्लेस्टेशन आकृतीचे प्रत्येक टोक पडद्यावरील पूर्णांकी बिंदूवर नेऊन बसवते. अपूर्णांक सोडून देते. टोक हळूहळू सरकायला हवे, ते उडी मारते. ही आसन्न किमतीमुळे येणारी चूक आहे. डकस्टेशनमध्ये ‘पीजीएक्सपी’ नावाची सोय सुरू केली की सोडून दिलेले अपूर्णांक हिशेबात धरले जातात आणि थरथर थांबते. गणिताच्या पुस्तकात ‘दोन दशांश स्थळांपर्यंत’ असे का लिहितात, हे यापेक्षा चांगले कोण सांगेल?

आणखी एक गंमत. प्लेस्टेशनच्या प्रक्रियकाचे ठोके सेकंदाला ३,३८,६८,८०० पडतात. ही विचित्र संख्या आली कोठून? सीडीवरील संगीताचे सेकंदाला ४४,१०० नमुने घेतलेले असतात. त्याला ७६८ ने गुणा. म्हणजे सारे यंत्र संगीताच्या तालावर बांधलेले आहे. पडद्यावर सेकंदाला ६० चित्रे धरली, तर एका चित्राच्या वाट्याला ५,६४,४८० ठोके येतात. एम्युलेटरला तेवढ्यांचा हिशेब एका चित्राच्या वेळात पुरा करावा लागतो आणि उरलेला वेळ चक्क थांबून राहावे लागते. तो थांबला नाही, तर खेळ पिसाट धावू लागेल.

यावरून माझे पहिले मत सांगतो. एखादे यंत्र आपल्याला समजले आहे, असे केव्हा म्हणावे? त्याची जागा घेईल असे दुसरे काही आपण बांधू शकलो तर. ढोबळ वर्णन येथे चालत नाही. एका ठोक्याची चूक झाली तरी एखादा खेळ मध्येच अडतो. एम्युलेटर म्हणजे त्या यंत्राविषयीचे तपासून पाहिलेले ज्ञान होय. म्हणून शाळेच्या विज्ञान प्रदर्शनात त्याला जागा मिळाली पाहिजे. तोच तो ज्वालामुखी आणि तेच ते जलशुद्धीकरण किती वर्षे मांडायचे?

‘पण ही चोरी नव्हे काय?’ हा प्रश्न रास्त आहे. १९९९ मध्ये अमेरिकेतील कनेक्टिक्स कंपनीने मॅकिंटॉश संगणकासाठी प्लेस्टेशनचा एम्युलेटर विकायला काढला. सोनीने दावा लावला. यंत्र कसे चालते हे समजून घेण्यासाठी त्याच्या बायोसची मधली प्रत काढणे हा उचित वापर आहे, असा निकाल तेथील अपील न्यायालयाने २००० मध्ये दिला. पुढे डिसेंबर २०१८ मध्ये सोनीने स्वतःच जुन्या २० खेळांचे एक छोटे यंत्र विकले. त्याच्या पोटात होता पीसीएसएक्स रिआर्म्ड, म्हणजे हौशी मंडळींनी जोपासलेला खुला एम्युलेटर! आपल्याकडील प्रताधिकार कायदा, १९५७, याच्या ५२ व्या कलमातही आज्ञावली रीतसर बाळगणाऱ्याला ती खराब होण्याच्या भीतीने राखीव प्रत काढण्याची मुभा आहे. याचा अर्थ कोणी महाजालावर टाकलेली प्रत उतरवून घ्यावी, असा मात्र नाही. तबकडी तुमची असली पाहिजे. वडील भावाची, मामाची, शेजारच्या काकांची असेल, तर तिच्यासह त्यांनाच प्रयोगाला बोलवा.

आता खेळ बाजूला ठेवू. अमेरिकेतील व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या पाहणीत असे आढळले, की तेथे २०१० पूर्वी निघालेल्या खेळांपैकी ८७ टक्के बाजारात मिळत नाहीत. खेळांना चाहते तरी आहेत. आपल्या शाळेच्या कपाटातील शैक्षणिक सीडींना कोण आहे? २००० सालाच्या आगेमागे मराठी मजकूर निरनिराळ्या कंपन्यांच्या आपापल्या फाँटमध्ये टंकला जाई. तो फाँट नसेल, तर फाइल उघडते पण पडद्यावर निरर्थक अक्षरे उमटतात. गावोगावच्या स्मरणिका, शाळांचे अहवाल, कुणाचे न छापलेले पुस्तक त्यांत अडकून पडले आहे. मोडीच्या कागदांवर आली तीच वेळ या फायलींवर येत आहे, आणि तिला शतके नव्हे, पंचवीस वर्षे पुरली.

म्हणून माझे दुसरे मत. १९५४ च्या कायद्याने पुस्तकाची प्रत कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला आणि इतर ठरावीक ग्रंथालयांना पाठवण्याचे बंधन प्रकाशकावर घातले. त्या कायद्याच्या नावात पुस्तके आहेत, वृत्तपत्रे आहेत, आज्ञावल्या नाहीत. आज्ञावलीची प्रत आणि ती ज्या यंत्रावर चालते त्याचे संपूर्ण वर्णन ग्रंथालयात जमा झाले पाहिजे. उत्पादन बंद करणाऱ्या कंपनीने एवढे देणे लागते, असे मी मानतो. तसे झाले तर पुढच्या पिढीला यंत्राची रचना चाचपडत शोधावी लागणार नाही.

कायदा बदलेल तेव्हा बदलेल. तुम्ही आज काय कराल? शिक्षकांना सांगून शाळेतील सीडींचे कपाट उघडा. प्रत्येक तबकडीची यादी करा, ती अजून वाचता येते का ते पाहा, येत असेल तर रीतसर परवानगीने प्रत घ्या आणि ती कोणत्या यंत्रावर, कोणत्या आज्ञावलीने चालत होती ते वहीत लिहून ठेवा. एखादा खेळ चालू करताना हे काम करायला हात तयार झालेलेच असतील. तेवढ्यासाठी चार डाव खेळलात, तर माझी तक्रार नाही.