"बंद कर ते, घरात मुली आहेत!"

भाचा मोबाइलवर 'गिंतामा' बघत होता. जपानी कार्टून. तो त्याला कार्टून म्हणू देत नाही, ॲनिमे म्हणायचं. जुना एडो काळ, पण तिथे परग्रहावरचे लोक सत्ता घेऊन बसलेत, सामुराईंच्या तलवारी काढून घेतल्यात, आणि त्या बेकार सामुराईंच्या तोंडी भलतेच चावट विनोद. काढणारी सनराइज कंपनी 'गंडाम'च्या महाकाय रोबोटांसाठी प्रसिद्ध, आणि इथे आपल्याच रोबोटांची टर उडवते.

स्वयंपाकघरातून आपा ओरडल्या, "बंद कर ते, घरात मुली आहेत!"

मला हसू आलं. लहानपणी हेच वाक्य मी मालेगावच्या पिक्चरांबद्दल ऐकलंय.

मालेगाव आमच्या धुळ्यापासून ५० किलोमीटरच्या आसपास. शुक्रवारी यंत्रमाग बंद, मग गर्दी व्हिडिओ पार्लरात. असंच पार्लर चालवणाऱ्या शेख नासिर यांनी 'मालेगाव के शोले' काढला. पुढे सुपरमॅनही आला. यंत्रमाग कामगार शफीक, अगदी काडीपैलवान, हिरव्या कापडापुढे आडवा होऊन उडाला. पिक्चरमध्ये तो तंबाखूविरुद्ध लढला आणि पुढे कॅन्सरनेच गेला. फैझा अहमद खान यांच्या माहितीपटामुळे तो जगाला कळला. २०२५ मध्ये रीमा कागतींचा 'सुपरबॉईज ऑफ मालेगाव' थिएटरात लागला, तेव्हा मुंबई-पुण्याचे लोकही हळहळले.

त्याच मालेगावच्या छोटू दादाचे व्हिडिओ यूट्यूबवर कोट्यवधी लोक बघतात. तिथे मात्र हीच मंडळी नाक मुरडतात, आणि आपले शिकलेले मुसलमान त्यांच्याही आधी. "कौम की बदनामी" म्हणे! जपान्याने चावटपणा केला की कला, आपल्या यंत्रमागवाल्याने केला की बदनामी. हे मला पटत नाही.

माझी तक्रार वेगळी आहे. या पिक्चरांत मोहल्ल्यातली एकही मुलगी काम करत नाही, करू देत नाहीत. हिरॉइन बाहेरून पैसे देऊन आणायची. तिच्यावर वाटेल तो विनोद चालतो, कारण ती कुणाची बहीण नाही, असं आपण धरून चाललोय. त्या बाहेरच्या मुलीलाही घर असेल, आई असेल, हे कुणाच्या मनात येत नाही. जुम्म्याच्या बयानात अश्लीलतेवर बरंच ऐकलं, यावर कधीच नाही.

आपांना हे सांगायला गेलो, तर त्या म्हणाल्या, "तू लेक्चर देऊ नकोस, आधी मोबाइल घे त्याच्याकडून."

मी हात पुढे केला. कोपऱ्यात अभ्यास करणारी भाची मान वर न करता म्हणाली, "राहू द्या मामू, हा एपिसोड मी कधीच बघितलाय."