तो ‘रशियन’ नट नव्हता

गेल्या सत्रात चार मित्रांना जमवून मी एक चित्रपट दाखवला. आमंत्रणाच्या चिठ्ठीवर मोठ्या ऐटीत लिहिले होते : ‘एक गाजलेला रशियन चित्रपट’. आज ती चिठ्ठी आठवली की ओशाळल्यासारखे होते.

‘विसरलेल्या पूर्वजांच्या सावल्या’ (१९६५) हा तो चित्रपट. दिग्दर्शक सर्गेई पाराजानोव जन्माने आर्मेनियन, तिबिलिसीचा. मूळ कथा युक्रेनियन लेखक कोत्सुबिन्स्कीची आणि पडद्यावरची बोली कार्पेथियन डोंगरातल्या हुत्सुल लोकांची. तिच्यावर रशियन संवाद चढवायला पाराजानोवने नकार दिला होता. नायक इवान मिकोलाइचुक त्या वेळी कीवच्या नाट्यसंस्थेत शिकत होता. म्हणजे जवळजवळ आपल्याच वयाचा.

मिकोलाइचुकचा जन्म १५ जून १९४१ चा, बुकोविनातल्या चोर्तोरिया या खेड्यातला. पुढच्याच आठवड्यात हिटलरच्या फौजा सोव्हिएत सरहद्द ओलांडून आल्या. त्या काळाने एका घरातले भाऊ कसे परस्परांविरुद्ध उभे केले, हीच गोष्ट त्याने युरी इल्येन्कोबरोबर ‘काळा ठिपका असलेला पांढरा पक्षी’ (१९७१) या पटकथेत मांडली. त्यात त्याने कामही केले. मॉस्कोच्या महोत्सवात चित्रपटाला सुवर्ण पारितोषिक मिळाले. पण लगेच १९७२ मध्ये तयार झालेला, त्याचीच प्रमुख भूमिका असलेला ‘हरवलेले पत्र’ मात्र वर्षानुवर्षे डब्यात पडून राहिला. ‘बाबिलोन २०’ त्याने स्वतः दिग्दर्शित केला तो १९७९ साली. ३ ऑगस्ट १९८७ रोजी तो गेला, अवघ्या सेहेचाळिसाव्या वर्षी. शेवचेन्को पारितोषिक मिळाले ते १९८८ मध्ये, मरणोत्तर. त्याच्या पटकथेवरचा ‘इवानच्या थापा’ हा चित्रपटही १९८९ मध्ये बोरिस इवचेन्कोने पुरा केला.

कोणी म्हणेल, कलेला कसला आला देश? रशियन म्हटले काय, युक्रेनियन म्हटले काय, अभिनय तोच! मला हे पटत नाही. ज्या माणसाने आपल्या खेड्याची गाणी, बोली आणि दुःखे पडद्यावर आणण्यात आयुष्य वेचले, त्याचे काम दुसऱ्याच्या नावावर मांडणे म्हणजे त्याच्या कष्टांवर पाणी ओतणे. सत्तेने चित्रपट डब्यात ठेवला. आपण तर नुसत्या आळसाने त्याचे नावच पुसतो.

पुढच्या वेळी चिठ्ठीवर मी ‘युक्रेनियन’ लिहीन. शब्द एकच बदलेल. पण तेवढा त्याचा हक्क आहे.