ताऱ्यांच्या चरित्राची किल्ली कोणाकडे?

सलीम-जावेद या पटकथाकार जोडीवरील 'अँग्री यंग मेन' ही तीन भागांची मालिका ऑगस्ट २०२४ मध्ये अ‍ॅमेझॉन प्राइमवर आली. तिच्या निर्मात्यांत सलमान खान, फरहान अख्तर आणि झोया अख्तर यांच्याच संस्था होत्या. वडिलांची कहाणी मुलांनी मांडावी, यात गैर काही नाही. मात्र तिला चरित्र म्हणावे की घरचा अल्बम, हा प्रश्न उरतो. हिंदी चित्रपटसृष्टीतील मोठ्या व्यक्तींवरचे माहितीपट नेहमीच असे घरातून निघत नसत. नसरीन मुन्नी कबीर यांची कारकीर्द त्याची साक्ष देते.

हैदराबादेत जन्मलेल्या आणि लंडनमध्ये स्थायिक झालेल्या कबीर यांना व्यासपीठ मिळाले ते ब्रिटनच्या 'चॅनल फोर'चे. १९८२ मध्ये सुरू झालेल्या या वाहिनीवर, इतरांनी दुर्लक्षिलेल्या प्रेक्षकांची दखल घेण्याची जबाबदारी कायद्यानेच टाकली होती. त्या धोरणातून हिंदी सिनेमावरील चाळीसहून अधिक भागांची 'मूव्ही महल' ही मालिका उभी राहिली. पाठोपाठ अमिताभ बच्चन यांच्यावरील 'फॉलो दॅट स्टार' आला. मुंबईच्या सिनेमाची एवढी सविस्तर नोंद लंडनच्या पैशाने व्हावी, हे आपल्याला फारसे भूषणावह नाही. दूरदर्शनवर तबस्सुम यांच्या 'फूल खिले हैं गुलशन गुलशन'ने कलावंतांना घरोघरी पोहोचवले, हे खरे. पण त्या गप्पा होत्या, दस्तऐवज नव्हे.

कबीर यांच्या कामाचे मोल सर्वाधिक जाणवते ते 'इन सर्च ऑफ गुरुदत्त' (१९८९) या माहितीपटात. गुरुदत्त यांच्या निधनाला तेव्हा पंचवीस वर्षे झाली होती. वहिदा रेहमान, जॉनी वॉकर, लेखक अबरार अल्वी, छायालेखक व्ही. के. मूर्ती हे सहकारी मात्र बोलायला हयात होते. पुढे वॉकर २००३ मध्ये, अल्वी २००९ मध्ये आणि मूर्ती २०१४ मध्ये गेले. 'कागज के फूल'मधील तो गाजलेला प्रकाशझोत आरशांनी सूर्यकिरण स्टुडिओत वळवून साधला होता, अशा गोष्टी जपल्या जातात त्या तंत्रज्ञांना वेळीच बोलते केल्यामुळे. नटाच्या मागे धावणारा कॅमेरा सहसा त्यांच्यापाशी थांबत नाही.

१९९१ मध्ये लता मंगेशकर यांच्यावर सहा भागांची मालिका झाली. पुढे २००९ मध्ये त्याच संवादाचा विस्तार होऊन पुस्तक आले. २०२२ मध्ये लतादीदी गेल्यानंतर तर त्यांच्याच शब्दांतील या कथनाचे महत्त्व आणखी वाढले. कबीर यांची रीत उलटतपासणीची नाही, अदबीने ऐकण्याची आहे. अप्रिय प्रश्न त्यात मागे राहतात, हा आक्षेप घेता येईल. पण समोरचा माणूस मोकळेपणाने आपल्या कामाविषयी बोलतो, तोही याच रीतीमुळे.

शाहरुख खान यांच्यावरील दोन भागांच्या माहितीपटात मात्र तारा आणि निर्माती यांच्यातील समीकरण बदललेले दिसते. एक भाग घरातल्या शाहरुखचा, दुसरा २००४ च्या 'टेम्प्टेशन' दौऱ्याचा. कॅमेरा आत येऊ द्यायचा की नाही, हे आता ताराच ठरवणार होता.

आज तर चित्रफितींचे हक्कही हाती असावे लागतात. नोव्हेंबर २०२४ मध्ये अभिनेत्री नयनतारा यांच्यावरील नेटफ्लिक्सच्या माहितीपटावरून निर्माता-अभिनेता धनुष यांच्याशी वाद पेटला. अवघ्या तीन सेकंदांच्या दृश्यासाठी दहा कोटी रुपयांची नोटीस आल्याचे नयनतारा यांनी जाहीर पत्रात म्हटले आणि प्रकरण मद्रास उच्च न्यायालयात पोहोचले. नेटफ्लिक्स पाठीशी असलेल्या तारकेची ही गत. गुरुदत्त यांच्यासारख्या दिग्दर्शकावरचा माहितीपट तर त्यांच्या चित्रपटांतील दृश्यांवाचून उभाच राहू शकत नाही. आजच्या एखाद्या स्वतंत्र निर्मात्याने तो करायचे मनात आणले, तर मुलाखतींच्या आधी त्याला वकील शोधावा लागेल.