गोष्टीला वय नसतें

हा लेख वादाचा आहे, हें आरंभींच सांगितलेलें बरें. आदिवासींच्या कथा म्हणजे मुलांच्या कथा, असा एक समज आमच्या सुशिक्षित वर्गांत इतका रुजला आहे कीं, तो केवळ समज आहे याचीही कोणास जाणीव नसते. वारली, कोकणा, भिल्ल, गोंड यांच्या गोष्टींचा संग्रह निघाला कीं तो बालवाङ्मयाच्या कपाटांत जाऊन बसतो. त्यावर परीक्षण आलेंच तर 'निरागस', 'मनोरंजक', 'निसर्गाच्या कुशींतील' अशीं दोनचार ठरीव विशेषणें त्याच्या अंगावर टाकून टीकाकार पुढच्या कादंबरीकडे वळतो. या समजाला आमचा विरोध आहे. तो कां, हें सांगण्यासाठीं वाचकांस प्रथम न्यूझीलंडपर्यंत न्यावें लागेल. इतक्या दूर जाण्याचें कारण असें कीं, जो प्रश्न आमच्याकडे नीट विचारलाही जात नाहीं, त्याचें उत्तर तेथील माओरी लेखिका पॅट्रिशिया ग्रेस यांनीं प्रत्यक्ष लिहून दाखविलें आहे.

ग्रेसबाईंचा जन्म 1937 सालीं वेलिंग्टन येथें झाला. पेशानें त्या शिक्षिका. सात मुलांचा संसार सांभाळून त्यांनीं लेखन केलें. 1975 सालीं निघालेला 'वाइआरिकी' हा माओरी स्त्रीनें लिहिलेला पहिला प्रकाशित कथासंग्रह होय. 1981 सालीं त्यांचें 'द कुइआ अँड द स्पायडर' हें मुलांचें चित्रपुस्तक आलें; चित्रें रॉबिन काहुकिवा यांचीं. 1986 सालीं 'पोटिकी' ही कादंबरी प्रसिद्ध झाली, 2008 सालीं अमेरिकेंतील नॉयस्टाट पारितोषिक त्यांस मिळालें, आणि 2024 सालीं, वयाचीं पंचाऐंशी वर्षें उलटल्यावर, 'बर्ड चाइल्ड' हा मोठ्यांसाठीं लिहिलेला कथासंग्रह निघाला. त्याच्याही नांवांत मूल आहेच.

हा क्रम ऐकून आमचे एक विद्वान स्नेही म्हणाले, 'बाईंनीं एक काय तें ठरवावें. मुलांची लेखिका व्हावें, नाहीं तर मोठ्यांची. दोन दगडांवर पाय ठेवणारा कलावंत कोठेंच उभा राहत नाहीं.' आक्षेप वरवर रास्त दिसतो, कारण आमच्या डोक्यांतल्या कपाटाला तसे दोन कप्पे आहेत. परंतु माओरी समाजाची हकीकत पाहिली म्हणजे हे कप्पे तेथें लागू पडत नाहींत, असें दिसून येईल.

1840 सालीं वैतांगीचा तह झाला आणि 1867 च्या कायद्यानें माओरी मुलांसाठीं ज्या सरकारी शाळा निघाल्या त्यांत शिक्षणाची भाषा इंग्रजी ठरली. पुढें शाळेंत माओरी बोलल्याबद्दल मुलांनीं छड्या खाल्ल्या. त्या मुलांचे पुढें आईबाप झाले, आणि आपल्या पोरांवर तो प्रसंग येऊं नये म्हणून त्यांपैकीं अनेकांनीं घरांत इंग्रजीच चालू ठेवली. परिणाम असा झाला कीं, आजीपाशीं भाषा आहे, नातवापाशीं नाहीं, आणि मधली पिढी दोहोंमध्यें मुकी उभी आहे. 1972 सालीं माओरी शिकविण्याची मागणी करणारा तीस हजारांवर सह्यांचा अर्ज पार्लमेंटपुढें गेला; 1982 सालीं 'कोहांगा रेओ', म्हणजे भाषेचें घरटें, या नांवाच्या बालशाळा सुरू झाल्या, आणि त्यांत म्हाताऱ्या बायका तान्ह्या पोरांशीं माओरींत बोलूं लागल्या; 1987 सालीं माओरी राजभाषा झाली.

आतां अशा काळांत एखाद्या घरीं तें चित्रपुस्तक येऊन पडतें. त्याची माओरी आवृत्तिही निघाली होती. तें उघडतें कोण? चार वर्षांचें पोर, आणि त्याची तीस वर्षांची आई. शब्द दोघांनाही नवे. पलीकडे बसलेली आजी दोघांचेही उच्चार सुधारते. आमच्या स्नेह्यांनीं सांगावें कीं, या तिघांत 'बालवाचक' कोणता? जेथें भाषेनें एक पिढी ओलांडली आहे, तेथें लहान मुलाची गोष्ट हीच मोठ्या माणसाची पहिली इयत्ता असते.

गोष्टही पाहण्यासारखी आहे. एक कुइआ विणकाम करते. तिच्या घरांतला कोळीही विणतो. सरस कोणाचें, यावरून दोघांची हुज्जत जुंपते आणि निवाड्यासाठीं ती नातवंडांपुढें जाते. टीकाकाराला यांत गंमत दिसते. गंमत आहेच; परंतु आजीच्या कसबाचा निवाडा नातवंडें करणार आहेत, ही केवळ गमतीची बाब नव्हे. ज्या समाजाची कला, भाषा आणि जमीन हीं तिन्ही दोन पिढ्यांत हातचीं जाऊं शकतात, त्यांत आजीनें विणलेलें नातवंडें वापरणार कीं टाकणार, या प्रश्नावर सारें अवलंबून असतें.

'पोटिकी' ही कादंबरी मोठ्यांची. शब्दाचा अर्थ मात्र शेंडेफळ. समुद्रकाठच्या एका माओरी वस्तीच्या जमिनीवर पैसेवाल्यांचा डोळा आहे. त्यांच्या म्होरक्याला लोक 'डॉलरमॅन' म्हणतात. जमीन विकत मिळेना, तेव्हां पूर्वजांच्या दफनभूमींत पाणी शिरतें आणि पुढें सभागृह जळतें. ही कथा कोण सांगतें? रोइमाटा आणि हेमी हीं पतिपत्नी सांगतातच. परंतु त्यांच्याबरोबर त्यांनीं वाढविलेलें टोको नांवाचें अपंग पोरही सांगतें, आणि पुढचें आधीं कळतें तें त्यालाच. त्यांचा मानू शाळेला भितो. म्हणून रोइमाटा त्याला घरीं ठेवते, आणि घर हीच गोष्टींची शाळा होते. शेवटीं टोको मरतो, त्याची आकृति सभागृहाच्या लांकडांत कोरली जाते, आणि तेथूनही तो बोलतो. हें पुस्तक मोठ्यांचें खरें. पण पोराचें ऐकण्याची ज्याची तयारी नाहीं अशा मोठ्याचें तें नव्हे.

दुसरा आक्षेप शब्दांचा. 'पोटिकी'ला शब्दकोश जोडलेला नाहीं, आणि पुस्तकाचा शेवट माओरी भाषेंत, भाषांतरावांचून होतो. आमचे स्नेही यास वाचकाचा उपमर्द म्हणतात. इंग्रजी वाङ्मय शिकविण्यांत आमचीं तीस वर्षें गेलीं. लॅटिन आणि फ्रेंच वचनें भाषांतराविना पसरलेले कितीतरी ग्रंथ आम्हीं निमूटपणें वाचले, आणि न समजलेल्या ओळींबद्दल दोष स्वतःकडे घेतला. माओरी शब्द अडला तेव्हां मात्र दोष लेखिकेचा! वास्तविक, मुलाला कोणी शब्दकोश देत नाहीं. तें ऐकत जातें. दहाव्या खेपेस अर्थ आपोआप उमगतो. बाई प्रौढ वाचकासही याच पंक्तीला बसवितात. 'कुइआ' म्हणजे वडीलधारी स्त्री, हें आम्हीं अजून सांगितलें नव्हतें. तरी कोणाचें कांहीं अडलें असेल असें वाटत नाहीं.

तिसरा आक्षेप आम्हांस अधिक वजनाचा वाटतो: बाईंचें लेखन मुळांत इंग्रजींत आहे, मग तें माओरी कसें? हें खरें आहे, आणि त्यांत दुःखही आहे. परंतु ज्या व्यवस्थेनें पिढीच्या पिढी इंग्रजींत लोटली, तिचा जाब लेखिकेकडे मागणें न्यायाचें नाहीं. दिलेल्या भाषेंत त्यांनीं आपल्या आजीची बैठक मांडली, आणि त्या बैठकींत इंग्रजी वाचकालाच पाहुणा केलें.

आणि ज्यांना अशा गोष्टी निरुपद्रवी वाटतात, त्यांनीं ही हकीकत ध्यानांत ठेवावी. कापिटी भागांतील महामार्गासाठीं वाइकानाए येथील खुद्द ग्रेसबाईंची वडिलोपार्जित जमीन सक्तीनें घेण्याचें सरकारनें योजिलें. बाई न्यायालयांत गेल्या. 2014 सालीं, म्हणजे कादंबरीनंतर अठ्ठावीस वर्षांनीं, पर्यावरण न्यायालयानें त्यांच्या बाजूनें निकाल दिला आणि जमीन वाचली. जी गोष्ट त्यांनीं लिहिली, तीच त्यांच्या दारांत येऊन उभी राहिली होती.

आतां आपल्या घराकडे वळूं. हे दोन कप्पे आमचे स्वतःचे तरी आहेत काय? श्रावणांतली कहाणी आजी, सून आणि नात एकाच वेळीं ऐकत आल्या. विष्णुशर्म्यानें पंचतंत्र राजपुत्रांस सांगितलें, पण त्यांतला कोल्हा ओळखावयास राजकारणांत मुरलेला माणूसच लागतो. मुलांचें पुस्तक निराळें हवें, ही कल्पना आमच्याकडे कंपनी सरकारच्या शाळेबरोबर आली. सदाशिव काशीनाथ छत्रे यांचें 'बाळमित्र' 1828 सालचें. त्या पुस्तकांनीं मराठी गद्यावर उपकार केले, हें आम्ही नाकारीत नाहीं. परंतु शाळेच्या सोयीसाठीं केलेली वाटणी आम्हीं वाङ्मयाचा नियम मानली, आणि पुढें तोच नियम ज्यांनीं तो कधीं मागितला नव्हता त्यांच्यावर लादला. 2011 च्या खानेसुमारीप्रमाणें महाराष्ट्रांत आदिवासींची संख्या 1 कोटी 5 लाखांवर होती. त्यांची मुलें घरीं एक बोली बोलतात आणि शाळेंत दुसऱ्या भाषेंत गप्प बसतात. येथें छडी इंग्रजीची नव्हे, आमच्या प्रमाण मराठीची आहे; हें लिहितांना लाज वाटते, पण लिहिलें पाहिजे.

लाजेचें आणखीही कारण आहे. कांहीं वर्षांपूर्वीं आम्ही एका पाठ्यपुस्तकाच्या समितीवर होतों. एक आदिवासी कथा पुढें आली. तींत एक पोर भुकेनें मरतें आणि त्याची आई कणगीच्या मालकाला शाप देते. कथा मुलांसाठीं घ्यावयाची असें ठरलें. म्हणून मृत्यु वगळावा, शाप वगळावा, बोलीचे शब्द शुद्ध करावे, असेंही ठरलें. वगळतां वगळतां एक आई, एक पोर आणि एक डोंगर एवढेंच उरलें. ही कथा आहे तशी वरच्या इयत्तेस, अगदीं पदवीच्या वर्गासही लावण्याजोगी आहे, असें आमच्या मनांत आलें होतें. आम्ही बोललों नाहीं. दोन कप्प्यांची संवय आमच्याही अंगांत मुरली होती.

म्हणून आमची मागणी फार मोठी नाहीं. आदिवासींची कथा ते सांगतात तशी छापा. तिच्यांतला मृत्यु आणि तिचे शब्द तिच्यापाशीं राहूं द्या. आणि ती कोणत्या वयाची, हें सांगणाऱ्याला ठरवूं द्या. आमच्या समितीचें तें पुस्तक ज्या पाड्यावरून कथा आली तेथील शाळेंतही गेलें असेल. एखाद्या पोरानें तो धडा वाचून घरीं जाऊन आजीला सांगितलें असेल कीं, तूं गोष्ट चुकीची सांगतेस. त्या आजीला द्यावयास आमच्यापाशीं आज तरी उत्तर नाहीं.