पाच बेटांची एक मर्यादा

चातुर्मास सुरू झाला की आपल्या घराघरांत नियम घेतले जातात. कुणी रात्रिभोजन सोडतो, कुणी हिरवी भाजी, कुणी प्रवासाची सीमा आखून घेतो. ठरावीक काळापुरता त्याग आपल्या अंगवळणी पडलेला आहे. अशीच एक रीत फार दूरच्या समुद्रातही आढळते.

फिलिपाइन्सच्या पूर्वेस, पॅसिफिक महासागरात पलाऊ हा छोटासा द्वीपदेश आहे. तेथे ‘बुल’ नावाची जुनी प्रथा आहे. मासे अंडी घालण्याच्या काळात गावप्रमुखांची सभा प्रवाळखडकांचा ठरावीक भाग बंद करते आणि मुदत संपेपर्यंत तेथे कोणी जाळे टाकत नाही. हे लोक मत्स्याहारी आहेत. त्यांचा संयम म्हणजे आपली अहिंसा नव्हे. तथापि हाताशी असलेले न घेण्याचा हा निश्चय परिग्रह-परिमाणाच्या पुष्कळ जवळचा आहे.

परंतु समुद्राला कुंपण नसते. जलचर एका बेटाच्या हद्दीतून दुसऱ्याच्या हद्दीत जातात आणि त्यांच्यामागून जहाजेही जातात. एकट्याने पाळलेली मर्यादा पुरत नाही, हे ओळखून पलाऊचे तत्कालीन अध्यक्ष टॉमी रेमेंगेसाऊ यांनी शेजाऱ्यांना साद घातली. पलाऊ, मार्शल बेटे, मायक्रोनेशिया संघराज्य, ग्वाम आणि उत्तर मारियाना बेटे एकत्र आली. मार्च २००६ मध्ये ब्राझीलमधील कुरितिबा येथे भरलेल्या जैवविविधता परिषदेत त्यांनी संकल्प जाहीर केला : २०२० पर्यंत किनाऱ्यालगतच्या सागरी संपत्तीपैकी ३० टक्के आणि भूमीवरील संपत्तीपैकी २० टक्के भागाचे परिणामकारक संरक्षण. ‘मायक्रोनेशिया चॅलेंज’ हे त्याचे नाव. २०१९ मध्ये त्यांनी २०३० साठीचे लक्ष्य अनुक्रमे ५० व ३० टक्क्यांपर्यंत वाढविले.

शार्कच्या बाबतीत या ऐक्याची खरी कसोटी लागली. सूपसाठी शार्कचे पर कापून, अनेकदा जिवंत असतानाच, त्याला समुद्रात फेकून देतात. २००९ मध्ये पलाऊने आपला सारा समुद्र शार्कसाठी अभयारण्य म्हणून घोषित केला. मात्र एका बंदरात माल नाकारला, तर तो शेजारच्या बंदरात उतरणारच. २०११ मध्ये उत्तर मारियाना व ग्वाम यांनी परांच्या व्यापारावर बंदी घातली, त्याच वर्षी मार्शल बेटांनी आणि २०१५ मध्ये मायक्रोनेशिया संघराज्याने कायदा केला. एकेक करून पाचही दारे बंद झाली.

या कार्याला पैसा कोठून येतो? आपल्या भोजनशाळेत ‘कायम तिथी’ लिहविली जाते. मुद्दल अखंड राहते आणि व्याजातून दरवर्षी अन्न शिजते. या बेटांनीही असाच कायम निधी उभारला आहे. मायक्रोनेशिया कॉन्झर्व्हेशन ट्रस्ट तो सांभाळतो आणि त्याच्या उत्पन्नातून संरक्षणाच्या कामास मदत मिळते. मुद्दल न खाण्याची शिस्त पैशाला लागू असेल, तर निसर्गाला का नसावी?

आपण व्यापारी माणसे. ताटातील मर्यादा आपण पिढ्यान् पिढ्या निष्ठेने पाळतो. पण दुकानातील मर्यादेचे काय? महाराष्ट्रात २०१८ पासून प्लॅस्टिक पिशव्यांवर बंदी आहे. एखादा दुकानदार पिशवी देत नाही, तेव्हा गिऱ्हाईक शेजारच्या दुकानात जाते. चार दिवसांनी त्याचाही निश्चय ढळतो. दोष केवळ त्याचा नाही. शेजाऱ्यांनी त्याला एकटे सोडलेले असते. तीच पिशवी पुढे नाल्यातून खाडीत आणि खाडीतून समुद्रात जाऊन जलचरांच्या पोटात शिरते.

जीवांनी परस्परांना आधार द्यावा, हे तत्त्व आपल्या प्रतीकचिन्हावरच कोरलेले आहे. हा आधार व्रत पाळणाऱ्या शेजाऱ्यालाही हवा असतो. यंदाच्या पर्युषणात घरातील नियमांबरोबर एक नियम साऱ्या पेठेने मिळून घेतला, तर तो मोडण्याची पाळी एकट्यादुकट्यावर येणार नाही.

जय जिनेंद्र!