साठ दिवसांची मुदत पोटगीला, मुलाच्या भेटीला का नाही?



घटस्फोटाच्या दाव्यातील मुलांच्या ताब्याची चर्चा बहुधा आई की बाप या एकाच वादात अडकते आणि त्या गदारोळात कायद्यातील एक साधी पण दूरवर परिणाम करणारी उणीव नजरेआड राहते. हिंदू विवाह कायदा, 1955 च्या कलम 26 नुसार दावा चालू असताना अज्ञान मुलांचा ताबा, पालनपोषण आणि शिक्षण यांबाबत न्यायालय अंतरिम, म्हणजे अंतिम निकाल लागेपर्यंत लागू राहणारे, आदेश देऊ शकते. 2001 साली या कलमाला जे परंतुक जोडले गेले, त्यानुसार पालनपोषण व शिक्षणाचा अर्ज प्रतिवादीला नोटीस बजावल्यापासून शक्यतो साठ दिवसांत निकाली निघायला हवा. ताब्याच्या आणि भेटीच्या अर्जाला मात्र अशी कोणतीही मुदत नाही. साठ दिवसांची ही मुदत व्यवहारात नेहमी पाळली जाते असे नव्हे, परंतु लवकर सुनावणी मागणाऱ्याच्या हाती निदान कायद्याचा शब्द असतो, जो मुलाला भेटू पाहणाऱ्या पालकाजवळ नसतो.

येथे तीन संज्ञा वेगळ्या ठेवणे आवश्यक आहे. मुलाच्या देहाविषयी व मालमत्तेविषयी निर्णय घेण्याचा कायदेशीर अधिकार म्हणजे पालकत्व. मूल रोज ज्याच्याजवळ राहते त्याच्याकडे ताबा. आणि ताबा नसलेल्या पालकाला ठरलेल्या वेळी मुलाच्या सहवासाची मिळणारी मुभा म्हणजे भेटीचा हक्क, ज्याला न्यायालयाच्या आवारात सगळे ‘ॲक्सेस’ म्हणतात. आई आणि वडील या दोघांचेही प्रेम व सहवास हा मुलाचा मूलभूत मानवी हक्क असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने 2020 साली म्हटले, आणि ताबा नसलेल्या पालकाला दूरध्वनी किंवा व्हिडिओ कॉलवरून मुलाशी नियमित बोलता यावे, असेही सांगितले. हा हक्क मुलाचा मानला, तर त्याच्या अर्जाने पोटगीच्या अर्जामागे रांगेत उभे राहण्याचे कारण उरत नाही.

विलंब हा तटस्थ नसतो, ही यातील खरी अडचण आहे. हिंदू अज्ञानत्व व पालकत्व कायदा, 1956 च्या कलम 13 नुसार मुलाचे हित सर्वोपरी असते आणि पालक व पाल्य कायदा, 1890 च्या कलम 17 नुसार समज आलेल्या मुलाची पसंतीही विचारात घेता येते. म्हणूनच एका घरात, एका शाळेत रुळलेले मूल तेथून हलवण्यास न्यायालये कचरतात, आणि ते योग्यही आहे. परंतु याचा अर्थ असा की, विभक्त होताना ज्याने मूल आपल्याकडे ठेवून घेतले आणि त्यानंतर तारखा लांबवल्या, त्याची बाजू केवळ काळ गेल्यामुळे बळकट होत जाते. ही तक्रार फक्त वडिलांची आहे असा समज आढळतो, तो चुकीचा आहे. 1956 च्या कायद्याचे कलम 6 पाच वर्षांखालील मुलाचा ताबा सामान्यतः आईकडे ठेवते. मात्र सासरी अडकवून ठेवलेल्या साडेतीन वर्षांच्या मुलाच्या आईचा अर्ज दीड-दोन वर्षे रेंगाळला, तर कायद्याने दिलेला तो आधार निकालाच्या दिवशी शिल्लकच राहत नाही. उन्हाळ्याच्या सुट्टीतील भेटीसाठी एप्रिलमध्ये केलेल्या अर्जाचेही तेच होते, कारण मुलांच्या सुट्टीतच न्यायालयांचीही उन्हाळी सुट्टी येते.

घाईने दिलेली भेट हिंसाचार झालेल्या घरातील मुलाला धोकादायक ठरेल, हा आक्षेप गंभीर आहे. मात्र कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांचे संरक्षण कायदा, 2005 च्या कलम 21 मध्ये मुलाच्या हिताला बाधा पोहोचण्याची शक्यता असल्यास भेट नाकारण्याची तरतूद आहेच, आणि साठ दिवसांत निर्णय म्हणजे साठ दिवसांत होकार नव्हे. शंका असेल तेथे पहिला आदेश न्यायालयातील बालकक्षात विवाह समुपदेशकाच्या देखरेखीखाली होणाऱ्या दोन तासांच्या भेटीपुरताच देता येतो.

विधी आयोगाने मे 2015 मधील 257 व्या अहवालात संयुक्त ताब्याचा पर्याय सुचवला होता. त्यावर मतभेद असू शकतात; ऑस्ट्रेलियाने तर पालकांच्या समान जबाबदारीचे कायदेशीर गृहीतक 2023 च्या दुरुस्तीने रद्द केले. अंतरिम अर्जाची मुदत हा प्रश्न मात्र या वादापासून अलग आहे आणि तो सोडवण्यास कलम 26 च्या परंतुकात ‘ताबा व भेट’ एवढेच शब्द संसदेने घालणे पुरेसे आहे. तोपर्यंत मुंबई उच्च न्यायालयाला कौटुंबिक न्यायालय कायदा, 1984 च्या कलम 21 खालील आपल्या नियम करण्याच्या अधिकाराचा आधार घेता येईल. आदेश होऊनही भेट चुकवली जाते तेव्हा अवमानाची कारवाई हा उपाय उरतो, पण मूल सांभाळणाऱ्या पालकालाच शिक्षा करून मुलाचे काही भले होत नाही. त्यापेक्षा चुकलेली भेट पुढील पंधरा दिवसांत भरून द्यावी आणि ती चुकण्याचे कारण समुपदेशकाच्या अहवालात नोंदवले जावे, असे त्याच नियमांत लिहिता येईल.

— एक वाचक