लाँचच्या फेरीचे पैसे कशासाठी द्यावेत?

सहलीचे दिवस जवळ आले, की शाळाशाळांतून एक प्रश्न हमखास निघतो. मुंबईला जायचे ठरले आहे. मग गेटवे ऑफ इंडियापासून लाँचने बंदरात फेरी मारावी की नाही? सोबत गाईड असतो, तो प्रसिद्ध स्थळे दाखवतो, त्यांची माहिती सांगतो. मुले हरखून जातात. पण तिकिटाचे पैसे वर्गातल्या प्रत्येकाला सहज परवडतात असे नाही. शिक्षकांपैकी कोणी म्हणतात, "समुद्र पाहिल्याशिवाय मुंबई कसली?" कोणी म्हणतात, "तीच स्थळे पायी फिरून फुकट दिसतात, मग पाण्यात पैसे कशाला घालायचे?"

विद्यार्थी मित्रांनो, या दोन्ही म्हणण्यांत तथ्य आहे. म्हणूनच हा प्रश्न नुसत्या हौसेवर न सोडता नीट तपासून पाहू या. विज्ञानाचा विद्यार्थी कोणताही खर्च करण्यापूर्वी विचारतो, की या पैशांत मला असे काय मिळणार आहे, जे दुसऱ्या मार्गाने मिळणार नाही? हीच कसोटी येथे लावू.

प्रथम स्थळांचेच पाहू. बंदरात अर्धा तास फिरवून परत आणणाऱ्या फेरीत गेटवेची कमान, तिच्या मागचे १९०३ साली उघडलेले ताजमहाल हॉटेल, नौदलाची गोदी आणि मधले एखादे लहानसे बेट दिसते. यांपैकी गेटवे तर किनाऱ्यावरूनच अधिक चांगला पाहता येतो. त्याचा पिवळसर बेसॉल्ट दगड हाताने चाचपता येतो, कमानीवरचा कोरीव लेख वाचता येतो, घुमटाखाली उभे राहून वर पाहता येते. लाँचमधून यातले काहीच साधत नाही. इंजिनाच्या धडधडाटात गाईडचे निम्मे शब्द ऐकू येत नाहीत आणि जे ऐकू येतात ते बहुधा नावे व सने असतात. ती तर पुस्तकातही मिळतात.

शिवाय ऐकलेली प्रत्येक गोष्ट खरी असतेच असेही नाही. राजा पंचम जॉर्ज या कमानीखालून मुंबईत आला, असे पुष्कळांना वाटते. आता तारखा मांडून पाहा. राजाराणी मुंबईत आले डिसेंबर १९११ मध्ये. कमानीची कोनशिला बसली ३१ मार्च १९१३ रोजी. जॉर्ज विटेट या वास्तुशिल्पज्ञाच्या आराखड्याप्रमाणे काम पूर्ण होऊन ती खुली झाली ४ डिसेंबर १९२४ रोजी. म्हणजे राजा आला तेव्हा ही कमान नव्हतीच! ती त्याच्या भेटीची आठवण म्हणून नंतर बांधली गेली. साध्या वजाबाकीने जी चूक पकडता येते ती आपण ऐकीव माहितीवर भिस्त ठेवून पोसत राहतो.

तेव्हा नुसत्या स्थळदर्शनासाठी लाँचचे तिकीट काढणे मला तरी योग्य वाटत नाही. पण येथेच थांबलो तर आपला विचार अर्धवट राहील. कारण त्या फेरीत एक गोष्ट अशी आहे, जी किनाऱ्यावर कितीही पायपीट केली तरी हाती लागत नाही. ती म्हणजे खुद्द पाणी!

मुंबई शहर येथेच का वाढले? या प्रश्नाचे उत्तर इमारतींत नाही, बंदरात आहे. मुंबईचा लांबट भूभाग अरबी समुद्राच्या लाटा अडवून धरतो. त्याच्या पूर्वेला, मुख्य भूमीपर्यंत, विस्तीर्ण आणि सुरक्षित पाणी आहे. सोपारा, कल्याण ही प्राचीन काळची नावाजलेली बंदरे. मोठ्या जहाजांचा काळ आला तेव्हा खाड्यांतल्या गाळामुळे ती मागे पडली आणि मुंबईचे खोल पाणी मोलाचे ठरले. लाँच धक्क्यापासून दूर गेली, की हा सारा नकाशा आपल्या भोवती उलगडतो. उत्तरेकडे तुर्भ्याची टेकडी, तेलवाहू जहाजांसाठी धक्के असलेले जवाहर द्वीप, समोर घारापुरीच्या टेकड्या, पलीकडे १९८९ साली सुरू झालेल्या न्हावाशेवा बंदराच्या उंच याऱ्या आणि जानेवारी २०२४ मध्ये खुला झालेला, सुमारे २२ किलोमीटर लांबीचा अटल सेतू. भूगोलाच्या तासाला फळ्यावर काढलेल्या रेघा येथे खऱ्या होतात.

मात्र हे सारे आपोआप दिसत नाही. त्यासाठी जाताना प्रश्न बरोबर न्यावे लागतात. नमुन्यादाखल तीन प्रयोग सुचवतो. त्यांना लागते फक्त घड्याळ, मोजपट्टी, दोरा, वही आणि घरातले पंचांग.

पहिला प्रयोग भरतीचा. कोकण किनाऱ्यावर भरतीची वेळ काढण्याचा एक जुना हिशेब आहे. तिथीच्या आकड्याची पाऊणपट करावी, म्हणजे पूर्ण भरतीची वेळ मिळते. चतुर्थीला चारची पाऊणपट तीन, म्हणून दुपारी तीनच्या सुमारास भरती. अष्टमीला सहाच्या सुमारास. पौर्णिमेला किंवा अमावास्येला पंधराची पाऊणपट सव्वाअकरा. सहलीच्या दिवसाची वेळ अशी आधी काढून ठेवा. सकाळी लाँचमध्ये चढताना धक्क्याच्या किती पायऱ्या पाण्याबाहेर आहेत ते मोजा, एका पायरीची उंची पट्टीने घ्या आणि परत आल्यावर पुन्हा मोजा. पौर्णिमा-अमावास्येच्या आसपास, म्हणजे उधाणाच्या दिवसांत, मुंबईत भरती आणि ओहोटी यांच्या पातळ्यांत चार मीटरांहून अधिक फरक पडू शकतो. अष्टमीच्या सुमारास, म्हणजे भांगाच्या दिवसांत, तो बराच कमी असतो. मुंबईच्या इंदिरा गोदीला पाणी अडवून धरणारे दरवाजे का लागतात, हे त्या पायऱ्या पाहून कोणालाही उमगेल.

या हिशेबाचीही परीक्षा घ्यायला विसरू नका. पौर्णिमेचे उत्तर येते सव्वाअकरा आणि दुसऱ्या दिवशीच्या प्रतिपदेचे पाऊण. एका दिवसात दीड तासाची उडी! वास्तविक भरती रोज साधारण पन्नास मिनिटेच उशिरा येते. मग चूक कोठे आहे? पंधरा तिथींत भरतीची वेळ बारा तासांनी पुढे सरकते, म्हणजे एका तिथीला ४८ मिनिटे. आपण धरली ४५. रोजची तीन मिनिटांची कसर साचत जाऊन पंधराव्या दिवशी पाऊण तासाची होते. तोंडी हिशेबाला सोपे म्हणून आपल्या पूर्वजांनी पाऊणपट पत्करली. तो अडाणीपणा नव्हे; कामापुरती अचूकता कशी राखावी याचा तो उत्तम नमुना आहे.

दुसरा प्रयोग नांगरलेल्या जहाजांचा. बंदरात नांगर टाकून उभी असलेली मोठी जहाजे पाहिलीत, तर बहुतेकांची तोंडे एकाच दिशेला असलेली आढळतील. जहाज नाळेकडून नांगराला बांधलेले असते. त्यामुळे प्रवाह त्याला वळवतो आणि त्याचे तोंड प्रवाहाच्या विरुद्ध दिशेला येते. पौर्णिमेला सकाळी नऊ वाजता निघालात, तर भरतीचे पाणी आत येत असते आणि जहाजे बंदराच्या मुखाकडे तोंड करून असतात. दुपारी तीन वाजता परत येताना ओहोटी लागलेली असते. आता तीच जहाजे पाहा. त्यांनी तोंडे फिरवलेली असतील! एखादे रिकामे, पाण्याबाहेर उंच आलेले जहाज वेगळ्याच दिशेला असेल, तर त्यावर वाऱ्याचा जोर किती चालतो याचा विचार करा. हे सारे डोळ्यांसमोर घडते. मात्र जातानाची दिशा वहीत टिपून ठेवलेली नसेल, तर येताना काही बदलले आहे हे कळतही नाही.

तिसरा प्रयोग लाँचचा वेग काढण्याचा. मोजपट्टीला ६० सेंटिमीटर लांबीचा दोरा बांधा, त्याचे दुसरे टोक डोळ्याजवळ धरा आणि दोरा ताणून पट्टी उभी ठेवा. गेटवेची उंची सुमारे २६ मीटर आहे. पट्टीवर ती २ सेंटिमीटर दिसली, तर समरूप त्रिकोणांच्या नियमाने आपण ७८० मीटर दूर आहोत. १ सेंटिमीटर दिसली तर १५६० मीटर. या दोन वाचनांमधला वेळ घड्याळात पाहा. तो पाच मिनिटे भरला, तर लाँचचा वेग ताशी साधारण साडेनऊ किलोमीटर झाला. घारापुरी गेटवेपासून सुमारे दहा किलोमीटरवर आहे. मग तेथे पोचायला एक तास का लागतो हे कोणी सांगायची गरज उरत नाही. समरूप त्रिकोण परीक्षेनंतरही उपयोगी पडतात, हा लाभ वेगळाच.

आता गाईडविषयी. मी वर त्याच्यावर टीका केली खरी, परंतु त्याची गरजच नाही असे मला म्हणायचे नाही. घारापुरीच्या लेण्यांत जाणकार गाईड मिळाला, तर त्याला दिलेले पैसे सत्कारणी लागतात. त्रिमूर्ती म्हणून ओळखल्या जाणाऱ्या सदाशिवाच्या शिल्पासमोर काय पाहावे हे नवख्याला उमजत नाही. गेटवे हा दगडावर दगड रचून उभारलेला. लेणे हे डोंगरातला दगड काढून टाकून घडवलेले. तेथे एक घाव चुकला तर दगड पुन्हा चिकटवता येत नाही. ज्या दगडी हत्तीवरून पोर्तुगीजांनी बेटाला एलिफंटा हे नाव दिले, तो आज बेटावर नसून भायखळ्याला जिजामाता उद्यानाच्या आवारात आहे, हेही जाणकाराकडून ऐकण्यात गंमत आहे. मात्र गाईडला प्रश्न विचारायचे असतात. "हे कशावरून?" असे नम्रपणे विचारणारा एक विद्यार्थी, माना डोलावणाऱ्या चाळीस जणांपेक्षा अधिक मिळवून जातो. लेणी सोमवारी बंद असतात, एवढे मात्र शिक्षकांनी दिवस ठरवतानाच ध्यानात घ्यावे.

सुरक्षिततेची गोष्ट सर्वांत महत्त्वाची. १८ डिसेंबर २०२४ रोजी याच बंदरात, इंजिनाची चाचणी चालू असलेली नौदलाची एक वेगवान बोट घारापुरीला निघालेल्या प्रवासी बोटीवर आदळली आणि पंधरा जणांचे प्राण गेले. त्यावरून समुद्राला भिऊन घरी बसावे असे नाही. पण जीवरक्षक जाकीट बाकाखाली असून भागत नाही, ते अंगात हवे. माणसाच्या शरीराची घनता पाण्याच्या घनतेच्या अगदी जवळ असते, म्हणून तोंड पाण्यावर ठेवण्यास थोडेसे जादा प्लावक बल पुरते. तेवढेच काम जाकीट करते. पण पट्टे न आवळलेले किंवा मापाहून मोठे जाकीट माणसाला धरून ठेवण्याऐवजी स्वतःच वर निघून जाते. मुलांच्या मापाची पुरेशी जाकिटे नसतील, किंवा लाँचमध्ये ठरल्यापेक्षा जास्त माणसे भरत असतील, तर शिक्षकांनी निःसंकोच फेरी रद्द करावी. बुडालेल्या तिकिटाच्या पैशांची भरपाई होऊ शकते.

राहिला प्रश्न परवडण्याचा. वर्गातली पाच मुले पैशांअभावी धक्क्यावर बसून राहणार असतील, तर ती सहल शाळेची म्हणता येणार नाही. अशा वेळी भाऊच्या धक्क्यावरून उरणजवळच्या मोरा बंदराला जाणारी साधी प्रवासी लाँच पाहावी. तिच्यावर गाईड नसतो, पण बंदर तेच, भरती तीच आणि जहाजेही तीच. मोऱ्याला गाळ इतका साचतो, की मोठ्या ओहोटीला लाँच धक्क्याला लावणेही अवघड होऊन बसते; बंदर का मागे पडते याचा तो चालता-बोलता धडाच आहे. आणि मुंबईच गाठली पाहिजे असेही नाही. दाभोळहून धोपाव्याला किंवा पणजीहून बेतीला जाणाऱ्या फेरीबोटीतही भरती-ओहोटीचा प्रवाह, वाहून येणारा गाळ आणि काठ बदलणारी नदी दिसतेच.

तेव्हा माझे मत असे: केवळ प्रसिद्ध स्थळे दाखवणारी अर्ध्या तासाची फेरी असेल, तर ते पैसे वाचवावेत आणि गेटवे पायी फिरून पाहावा. पण घारापुरीपर्यंत जाऊन-येऊन पूर्ण दिवस मिळणार असेल, तिथी पाहून दिवस निवडला असेल, प्रत्येकाच्या अंगात जाकीट आणि हातात वही असेल, तर ते तिकीट महाग नाही. कारण मग तुम्ही पैसे देता ते गाईडच्या बोलण्याचे नव्हे, तर चार तास पाण्यावर आणि बेटावर स्वतः निरीक्षण करण्याच्या संधीचे.

शिक्षकांना एक विनंती. सहलीच्या आदल्या दिवशी एक तास काढून भरतीची वेळ मुलांकडूनच काढून घ्यावी आणि फळ्यावर लिहून ठेवावी. दुसऱ्या दिवशी समुद्राने ती खरी केली की नाही, हे पाहण्यासाठी मुले स्वतःच पायऱ्यांकडे धावतील.